आफिया देवो

फेस, मोरोक्को
१० ऑक्टोबर २०१६

तीर्थरूप बाबांस,
अरवाचे अनेक सलाम, वि. वि.

लढाईमुळे घरी तैझला फोन लागत नाही, म्हणून एडनला निघालेल्या माणसाच्या हाती हे पत्र देतेय. बाबा, घात झाला हो! शुक्रवारी माझी नवी घरमालकीण, लल्ला तामू, कुसकुसची थाळी घेऊन आली. मी आपली मनापासून म्हणाले, अल्लाह तुम्हाला आफिया देवो. तिचा चेहरा पांढराफटक पडला. थाळी हिसकावली आणि माझी बॅग जिन्यात भिरकावली. शेजारणीने मग सांगितलं, भाषा एकच, पण आपल्याकडे आफिया म्हणजे आरोग्य, इकडे आफिया म्हणजे आग! आणि लल्ला तामूचा नवरा आगीतच गेलाय.

किती विनवलं. म्हणते, कुराण घडाघडा वाचतेस आणि एवढं कळत नाही होय? तिने राहण्याच्या दाखल्यावर सही केली नाही तर महिनाभरात मला हा देश सोडावा लागेल. सध्या वर्गातल्या एकीकडे चोरून जमिनीवर झोपतेय. डॉक्टरकी गेली खड्ड्यात! आईला सांगा, मी परत येतेय. माझी खोली तशीच ठेवलीय म्हणून लिहिलंत ना?

रागावलात तरी माया कमी करू नका.
तुमची वेडी,
अरवा

तैझ
२२ ऑक्टोबर

चि. अरवास अनेक आशीर्वाद.

वेडाबाई, तो शब्द मीच शिकवला तुला, रागावू कुणावर? पण येऊ नकोस. मी खोटं लिहिलं होतं. खोली नाही, घरच नाही. तू गेल्यावर पंधरा दिवसांत तोफगोळा पडला, आग लागली, आणि मी पाणी शोधत गल्लीभर पळत राहिलो. आता शाळेच्या वर्गात राहतो, फळ्याखाली झोपतो. मास्तर अजून कामावर आहे म्हण!

पुढचं लल्ला तामूंना वाचून दाखव. बाई, माझी मुलगी कुणाला आग देईल कशी? आग आम्ही पाहिली आहे. पोरीला ठेवून घ्या. तुमच्या दारात हात पसरून उभा आहे, असं समजा.

जीव जप, एवढंच मागणं.
तुझा बाप

फेस
२ नोव्हेंबर

तीर्थरूप बाबांस सलाम.

सगळं पत्र वाचून दाखवलं. लल्ला तामू मध्येच उठल्या. मला वाटलं, संपलं! त्या पेन घेऊन आल्या. सही केली, माझी बॅग स्वतः वर नेली. मग पत्र पुन्हा वाचायला लावलं. शेवटी हळूच विचारलं, पोरी, बाप फळ्याखाली झोपतो, मग तुझी आई कुठे झोपते?

मी पत्र उलटंपालटं करून पाहिलं. बाबा, यात आईचा सलामसुद्धा नाही.

लगेच लिहा. या वेळी खोटं लिहिलंत तरी चालेल.

तुमचीच,
अरवा