पुराव्याला हात लावायचा नाही

बुधवार, २४ फेब्रुवारी १९८८

काल पेडण्याहून आलेला ट्रक अडवला आणि एक बोचकं जप्त केलं. गोणपाट, वर काथ्या करकचून. ड्रायव्हर बाबली म्हणाला, पेडण्याच्या सुतार मेस्ताने दिलंय, तुमच्या गावातलं कुणीतरी येऊन नेईल, आत काय ते माहीत नाही. असं सगळेच म्हणतात. आत दारूच. माझा शिपाई सगुण म्हणाला, सोडून बघूया. मी साफ नकार दिला. टीव्हीवरच्या मालिकेतला इन्स्पेक्टर पुराव्याला कधी हात लावत नाही. फौजदारसाहेब सोमवारी रजेवरून येतील, तेच सोडतील.

रात्री

प्रभावतीच्या हॉटेलात मालिका बघितली. दोन पोलीस. एक सडपातळ, तल्लख. दुसरा जाडा, मठ्ठ, सदा खाणारा. मी सडपातळ. सगुण दोन ऑम्लेट-पाव खाऊन तिसऱ्याची वाट बघत होता. लोक आमच्याकडे बघून गालात हसतात. सगुणाला वाईट वाटत असेल बिचाऱ्याला.

शुक्रवार, २६ फेब्रुवारी

मोठी केस! शिगम्याचा कारभारी गुरुदास रडवेला होऊन आला. कमरेला लाकडी घोडे बांधून नाचतात त्या घोडेमोडणीतला मानाचा घोडा बेपत्ता. रंगवायला पेडण्याला पाठवला होता, परत पोचलाच नाही. तो नाही तर यंदा घोडेमोडणी नाही. साहेबांना फोन लावला. म्हणाले, शोधा, पेडण्याला बदली करतो.

पेडण्याला सत्यवती आहे. तीन वर्षं बायको तिथे आणि मी इथे खाणीची धूळ खात. घोडा मी शोधणारच.

चौकीतल्या एकुलत्या खुर्चीचा पाय मोडला. बोचक्यावर बसून विचार करतो. उंची बेताची आहे. बसणं म्हणजे हात लावणं नव्हे.

शनिवार, २७ फेब्रुवारी

संशयित: पलीकडच्या वाड्यावरचा जयराम. मिशी संशयास्पद. बोचक्यावर बसून दोन तास उलटतपासणी. तो म्हणाला, तुमकां घोडो जाय जाल्यार म्हज्या गोठ्यांत पळयात. गोठ्यात जाऊन घोडा शोधला. म्हशीने लाथ मारली.

सगुण दिवसभर प्रभावतीकडे गप्पा मारत होता. विचारलं तर म्हणतो, आदीं च्या घेवया, मागीर सोदूंया. आधी चहा, मग शोध! अशा माणसाबरोबर काम करायचं.

सोमवार, २९ फेब्रुवारी

साहेबांची रजा वाढली. बोचक्यातली बाटली बसताना टोचते. चादर घडी करून घातली. सत्यवतीला कळवलं, सामान आवरून ठेव, मी येतोय.

बुधवार, २ मार्च

निष्कर्ष काढला. घोडा गावातच आहे आणि चोर माझ्याइतकाच हुशार आहे.

गुरुवार, ३ मार्च

सगुण मला न विचारता पहाटेच्या बसने पेडण्याला मेस्ताकडे गेला. शिस्त म्हणून नाही. दुपारी परत आला. माझ्यासमोर येऊन उभा राहिला. मग हळूच म्हणाला, हवालदारानू, मातशे उठात.

उठलो. त्याने काथ्या सोडला. दोन रंगवलेले डोळे माझ्याकडे बघत होते. मी बसायचो तिथला कान कलला होता.

सगुणाला बजावलं, घोडा पहिल्याच दिवशी मी ताब्यात घेतला होता, हे विसरू नकोस. तो हो म्हणाला आणि प्रभावतीकडे चहाला गेला.

सोमवार, ७ मार्च

घोडेमोडणी थाटात झाली. कललेल्या कानासकट.

साहेब रजेवरून आले, त्यांच्याकडे बदलीचा विषय काढला. म्हणाले, घोडा शोधणाऱ्याला देणार होतो, त्यावर बसणाऱ्याला नाही. मग त्यांनी सगुणाला विचारलं, तर तो म्हणे प्रभावतीचा चहा सोडून जाणार नाही. वर माझंच नाव सुचवलं. साहेब हसत सुटले.

सत्यवती मुद्दाम शिगम्याला आली होती. पोरांनी आमची सोंगं काढली होती. सगुण झालेला पोरगा मालिकेतल्या इन्स्पेक्टरसारखा कॉलर ताठ करून आला. लोकांनी शिट्ट्या मारल्या. मागून दुसरा आला, गोणपाटाच्या बोचक्यावर बसून घोडा कुठे, घोडा कुठे, असं विचारत. मी इतका सडपातळ, तरी त्याने पोटाला उशी बांधली होती. फार लागलं मनाला.

सत्यवती पोट धरून हसली. म्हणाली, बसण्याची ढब हुबेहूब तुमची. मग शेवटच्या बसने एकटीच परत गेली.

खुर्ची अजून दुरुस्त झालेली नाही. आजची नोंद उभ्याने.