मालकांच्या आईशेजारचा बाक

आदरणीय मालकसाहेब,

नवरा वारल्यावर मी कामाला आले, तेव्हा तुमची साबणाची एकच शेड होती. आता पोलाद, ट्रक, दवाखाने, जिकडेतिकडे तुमचंच नाव दिसतं आणि ऊर भरून येतो.

मुलाखतीत मी ‘सातवी पास’ असं ठोकून दिलं आणि अर्ज उलटाच धरला. तुम्ही तो हळूच सरळ केलात. म्हणालात, “काम उद्यापासून. सुटल्यावर कंपनीच्या शाळेत बसायचं, माझ्या आईशेजारी. तीही आत्ताच शिकतेय.”

दोन वर्षं आम्ही एका बाकावर अक्षरं गिरवली, एकमेकींच्या चुकांना पोट धरून हसलो. त्या गेल्या तेव्हा तुमच्या दारातल्या गाड्या बघून मी फाटकातूनच परतले. हे पत्र पाठवायचाही धीर होत नाही.

नोकरी हजारोंना दिलीत, साहेब. मला मैत्रीण दिलीत.

तुमच्या पॅकिंग खात्यातली,
एक बाई