डोंगर हॉलमध्ये उघडतो

१ ऑक्टोबर, बुधवार

गेम हॉलच्या टीव्हीवर उघडला. माझ्या मॉनिटरवर नाही — हॉलमध्ये, अण्णांच्या तोंडासमोर.

कारण सापडलं आहे. आज खंडेनवमी. आईने ट्रॅक्टर, कोयते आणि दूध काढायच्या मशीनबरोबर माझा पीसीही पूजला. पूजण्याआधी पुसला. पुसण्यासाठी मागच्या सगळ्या वायरी उपटल्या आणि ज्या भोकात जी बसली ती तिथे खुपसली. मी डेअरीवर दूध घालून परत आले तर कॅबिनेटच्या जाळीला हळदीकुंकू, वर झेंडूचा हार, आणि आतला पंखा पाकळ्या ओढून घेतोय.

"आज चालवू नको त्याला. अवजाराला आज सुट्टी असती," आई म्हणाली.

मी चालवला. दोन मिनिटांत भिंतीपलीकडून अण्णा: "इंदे, गोठा कुठं गेला? हितं डोंगर आलाय."

जूनमध्ये वीज पडून कॅमेऱ्यांचा डबा जळला. तेव्हापासून गोठ्याचे कॅमेरे माझ्या पीसीवरून चालतात. भिंतीला भोक पाडून मीच केबल पलीकडे नेली. हॉलचा टीव्ही म्हणजे माझा दुसरा मॉनिटर. शेजारच्या वस्तीवरची कालवड बिबट्याने नेल्यापासून अण्णा संध्याकाळी बातम्या बघत नाहीत, गोठा बघतात. तेव्हा डोंगर दिसला तर विचारणारच.

गेम बंद केला. ऑनलाइन बरोबर खेळणारा रुपेश तिकडे ताटकळला. त्याला कारण सांगितलं तर हसला. मला हसू आलं नाही.

२ ऑक्टोबर, गुरुवार. दसरा

सकाळीच वायरी नीट लावल्या. सेटिंगमध्ये माझा मॉनिटर मुख्य केला. गेमच्या फाइलमध्ये स्क्रीनचा क्रमांक हाताने लिहिला. तपासलं: माझ्या स्क्रीनवर उघडला. पुन्हा तपासलं. उघडला. विषय संपला असं मी धरलं. कंपनीसाठी घरून कॉम्प्युटर चिपांची डिझाइनं तपासणं हे माझं पोटापाण्याचं काम आहे; एकदा तपासलेलं परत बिघडलं तर मला ते वैयक्तिक वाटतं.

संध्याकाळी बिघडलं.

मी हेडफोन लावून खोलीत. हॉलमध्ये गेणभाऊ सोनं द्यायला आलेले, हे मला ठाऊक नाही. गेणभाऊ म्हणजे अण्णांचे चुलतभाऊ. भावकीतली निम्मी लग्नं आपण जमवली असं ते सांगतात, आणि उरलेली का मोडली तेही सांगतात.

गेम सोपा आहे. दोन माणसं एका दोराने बांधलेली. एक उतरतो तेव्हा दुसऱ्याने दोर धरायचा, नाहीतर दोघंही खाली. एक माणूस मी, पिवळी टोपी. दुसरा रुपेश, लाल टोपी, डोक्यावर नाव: 'र'. एवढंच अक्षर. ते मीच ठेवायला लावलं. या घरात भिंतींना कान आहेत म्हणून आम्ही बोलत नाही, टाइप करतो.

स्क्रीन काळी राहिली म्हणून मी की दाबत बसले होते. तेवढ्यात पलीकडून गेणभाऊंचा आवाज, अक्षर अक्षर लावत: "इंदू — दोर — घट्ट — धर — मी — उतरतोय. कोण गं हा र?"

मी बाहेर गेले. "कंपनीतला आहे काका."

"कंपनीत असलं काम देत्यात व्हय?"

अण्णा आपट्याची पानं हातात धरून टीव्हीकडे बघत होते. गेणभाऊ मग मुद्द्यावर आले. आणे गावचं स्थळ. पोरगा पुण्यात बँकेत, गावाकडे विहीर-बागायत, एकुलता एक. "बाराला रविवार हाय. पावणं येत्यात. बघून घेऊ दे, बघायला काय जातंय?"

माझं जातंय. हे मी म्हटलं नाही. चहाचे कप उचलून आत नेले.

३ ऑक्टोबर, शुक्रवार

रुपेशला सांगितलं ही चूक झाली. फोनवर होता, मंचरला, कोल्ड स्टोअरेजच्या आवारात. तिथे मशिनरी त्याच्या ताब्यात आहे. मागून बटाट्याच्या गाड्यांची घरघर.

"कंपनीतला," तो म्हणाला. "बरं."

"मग काय सांगायचं होतं?"

"मी पिंपरी पेंढारचा आहे. तुझ्याबरोबर चार वर्षं एका वर्गात होतो. मला नाव आहे. यातलं कायपण."

"गेणभाऊंसमोर?"

"इंदू, मी चोर आहे का?"

मी फोन ठेवला. मग त्याचा राग आला, मग गेमचा, मग ज्याने हा गेम लिहिला त्याचा. ज्या दिवशी स्क्रीनचा क्रमांक पाळायचा त्या दिवशी पाळत नाही, असला प्रोग्राम विकतात कसा?

रुपेश बौद्ध आहे. आम्ही मराठा. हे वाक्य मी या घरात कधी मोठ्याने उच्चारलेलं नाही. त्याच्या घरी त्याने माझं पूर्ण नाव पहिल्याच वर्षी सांगितलं. त्याची आई रत्नामावशी मला जेवायला बोलावते. मी गेलेली नाही.

४ ऑक्टोबर, शनिवार

पुन्हा हॉलमध्ये. फाइल उघडून पाहिली, माझा क्रमांक तसाच आहे. म्हणजे फाइल बरोबर, गेम चूक. किंवा गेम बरोबर आणि क्रमांक बदलतोय. दुसरं असेल तर कोणीतरी माझा मॉनिटर काढून परत लावतंय.

५ ऑक्टोबर, रविवार

आईला विचारलं. तिने लगेच कबूल केलं, आणि तेच जास्त चीड आणणारं.

"ढग गडगडलं का मी बटन बंद करती. मग चालू करती."

"कुठलं बटण?"

"तुज्या टीव्हीचं." माझ्या मॉनिटरला ती टीव्हीच म्हणते.

"का पण?"

"जूनमदी डबा जळला तवा कोण म्हनलं व्हतं, विजा चमकल्या का बटनं बंद करा? तूच म्हनली व्हती."

मीच म्हणाले होते. परतीचा पाऊस चालू आहे, रोज दुपारी गडगडतं. माझा मॉनिटर एकदा बंद झाला की पीसीला एकच स्क्रीन दिसते, हॉलची. तो तिलाच पहिला क्रमांक देतो. मॉनिटर परत आला तरी पहिला क्रमांक हॉलकडेच. सगळा दोष तर्कशुद्ध आहे. कोणावर ओरडायची सोय नाही.

बटणावर चिकटपट्टी लावली. वर लिहिलं: हात लावू नये. आई म्हणाली, "एवढं मोटं अक्षर? मी काय आंदळी हाय?"

६ ऑक्टोबर, सोमवार

माझ्या स्क्रीनवर उघडला. अर्धा डोंगर चढलो. रुपेश मोजकं टाइप करत होता. 'धर.' 'सोड.' 'थांब.' दोर मात्र नीट धरला. रागात असतानाही नीट धरतो, याचाही राग येतो.

७ ऑक्टोबर, मंगळवार

हॉलमध्ये!

आभाळ स्वच्छ. ढग नाही, वीज नाही. चिकटपट्टी जागेवर. आई दिवसभर कांद्याच्या रोपांत, तिचा हात लागलेला नाही.

पीसी स्क्रीन कधी जाते-येते याची नोंद ठेवतो. पाहिली. मी डेअरीवर गेले तेव्हा मॉनिटर गेला आणि लगेच परत आला. काल गेला नव्हता. परवाच्या दिवशी दोनदा गेला: एकदा गडगडलं तेव्हा, एकदा डेअरीच्या वेळी. चार तारखेलाही दोनदा. म्हणजे आई एकटी नव्हती.

घरात तेव्हा फक्त अण्णा असतात. काल ते आळेफाट्याला गेले होते.

गेणभाऊंनी सांगितलं असणार: पोरीवर नजर ठेव, तो र कोण ते बघ. मी गेले की खोलीत शिरायचं, बटण खालीवर करायचं, माझं सगळं हॉलमध्ये आणून वाचत बसायचं. माझे अण्णा! मला ओरडले असते तर चाललं असतं. माझी खोली आहे ती. या घरात दार लावता येणारी एकच खोली, आणि ती मी माझ्या पगारातून बांधली.

रुपेशला आज काही टाइप करू दिलं नाही. फक्त चढलो. तो एका हाताने दोर धरून दोनदा दुसरा हात हलवत उभा राहिला, म्हणजे 'काय झालं?' मी उत्तर दिलं नाही.

८ ऑक्टोबर, बुधवार

पकडलं.

डेअरीकडे निघाले, स्कूटी वळणावर लावली, चालत परत आले. खिडकीतून पाहिलं. अण्णा माझ्या टेबलाशी वाकलेले. चिकटपट्टीचं एक टोक नखाने अलगद उचललं, बटण खाली, बटण वर, टोक परत दाबून बसवलं. अंगठ्याने घासलंसुद्धा.

आत गेले. "अण्णा, काय चाललंय?"

दचकले नाहीत. फार तर ओशाळले. "काय न्हाई. बटन बघत व्हतो."

"कशाला?"

"मग डोंगर तिकडं येतो ना."

मी ठरवून ठेवलेली सगळी वाक्यं तोंडात होती. पहिलं म्हटलं: "गेणभाऊकाकांनी पाळत ठेवायला सांगितली?"

"गेणू?" खरंच न कळल्यासारखे बघत राहिले. "गेणूचा काय संबंध? गोठ्याचं काय बघायचं गं रोज? म्हशी हुब्याच असत्यात. ह्यात जरा जीव लागतो. त्या दिवशी अर्ध्यावर गेला आन तू बंद केला, मला रात्रभर चैन नाय."

"चॅट वाचता तुम्ही आमचं."

"समोर येतं त्ये दिसतंच की." मग म्हणाले, "पन मी लिवलेलं बघत नाय. मी दोर बघतो."

ते कॉटवर बसले, माझ्या. आजवर या खोलीत कधी बसले नव्हते.

"मी लई विहिरी उपसल्यात. गाळ काढायला दोरावर उतरायचं. खाली गेलं का वरचा आपल्याला दिसत न्हाई, पन त्याचं ध्यान कुठंय त्ये दोराला समजतं. ह्ये लाल टोपीचं पोरगं ध्यान हलवत नाय. तू काल रुसली व्हती, तरी त्यानं दोर ढिला नाय सोडला. गेणूनं मला एकदा सोडला व्हता. बिडी पेटवायला."

हसू आलं असतं. राग इतका वर आलेला होता की त्याला बाहेर पडायला जागा मिळेना.

"कुठलंय त्ये?" अण्णांनी विचारलं.

"पिंपरी पेंढार."

"कुनाचं?"

या प्रश्नाला आमच्याकडे एकच उत्तर असतं: आडनाव. मी म्हणाले, दूध राहिलंय घालायचं. आणि निघून गेले. दूध घालून परत आले तेव्हा ते हॉलमध्ये होते. गोठा बघत.

९ ऑक्टोबर, गुरुवार

गेणभाऊंचा फोन: रविवारी नऊवारी नको, पोरगा मॉडर्न आहे, साधी साडी चालेल. आईने पेढे सांगितले.

मॉनिटरला कोणी हात लावलेला नाही. गेम माझ्या स्क्रीनवर, जसा हवा होता तसा उघडला. मी लगेच बंद केला.

१० ऑक्टोबर, शुक्रवार

अण्णांचा राग येतो. एवढं बघतात आणि एवढंच बघतात. दोरावरून माणूस ओळखतात, आणि 'कुनाचं' हा प्रश्न सोडत नाहीत. तो प्रश्न त्यांना विचारावाच लागतो, कारण परवा पाहुणे आले की गेणभाऊ त्यांना तोच विचारणार, सगळ्या भावकीसमोर. उत्तर ऐकून ते माझ्या कॉटवर परत कधी बसणार नाहीत, असंही होऊ शकतं. मला ते माहीत आहे. म्हणून दूध आठवलं.

रुपेशने दुपारी मेसेज केला: 'रविवारी काय?'

मी लिहिलं: 'बघू.' पुसलं. लिहिलं: 'तू उद्या खेळायला आहेस का?'

'मी रोज असतो.'

११ ऑक्टोबर, शनिवार

चिकटपट्टी काढून टाकली. सेटिंगमध्ये हॉलचा टीव्ही मुख्य केला. फाइलमध्ये त्याचाच क्रमांक लिहिला. एकदाच तपासलं.

रुपेशला सांगितलं, नाव बदल. पूर्ण नाव, वडिलांच्या नावासकट, आडनावासकट. त्याने विचारलं, नक्की? मी म्हणाले, पटकन बदल, नाहीतर मला परत दूध आठवेल.

हॉलमध्ये अण्णा आपल्या जागेवर. मी कीबोर्ड घेऊन दारात, पहिल्यांदाच पलीकडे. लाल टोपीच्या डोक्यावर सगळं नाव आलं. रुपेश खंडू, आणि पुढे ते आडनाव. अण्णांचे ओठ हलले. वाचून झालं. पुन्हा एकदा हलले. रिमोट त्यांच्या मांडीवर होता.

लाल टोपी कड्यावरून खाली उतरायला लागली. मी अण्णांच्या हाताकडे बघत राहिले. दोर सुटायला लागला, रुपेश हवेत लोंबला.

"माझ्याकडं काय बघती?" अण्णा म्हणाले. "दोर धर."