थर्लो साहेबांचा उजवा हात

मी, संध्या रत्नपाल पाईकराव, वय २८, धंदा ठसे कोरणे, राहणार आखाडा बाळापूर, ता. कळमनुरी, जि. हिंगोली, डोकं ठिकाणावर असताना आणि कोणाचाही दाब नसताना हे लिहिते. मंगळवारी, १६ डिसेंबरला, नांदेडला माझ्या गळ्यातली गाठ काढणार आहेत. भिण्यासारखं काही नाही, असं डॉक्टर म्हणाले. तीन वेळा म्हणाले, म्हणून हे मृत्युपत्र.

सर्वांत आधी दुरुस्ती. ३ नोव्हेंबरच्या मृत्युपत्रात मी लिहिलं होतं की एडविन थर्लो साहेब डावखुरे होते, म्हणून त्यांच्या कोरण्या घरात डाव्या हाताने कोरणाऱ्यालाच मिळाव्यात. ते चूक आहे. साहेब उजव्या हाताने कोरत. आधीचं मृत्युपत्र रद्द समजावं.

१. साहेब कोण, हे वारसांना माहीत असावं. इंग्लंडात घड्याळांच्या झाकणांवर नक्षी कोरणाऱ्याचे ते चिरंजीव. साप्ताहिकांसाठी चित्रं कोरता कोरता निजामाच्या काळात हिंगोलीच्या छावणीत आले, इकडच्या पाखरांचं पुस्तक काढायला. चाळीस पाखरं लाकडात कोरून झाली आणि तापाने गेले. पुस्तक निघालंच नाही. त्यांचं सामान उचलणारे माझे खापरपणजोबा जळबा त्यांच्याजवळ बसून कोरायला शिकले होते. ठोकळे आणि कोरण्या साहेबांनी त्यांना दिल्या. ज्या गावात जळबांच्या हातचं पाणी चालत नव्हतं, तिथे त्यांच्या हातचे ठसे लग्नपत्रिकांवर, गणपतीसकट, चालले. याबद्दल माझी तक्रार आहे. ती कोणाच्या नावे करावी हे ठरलेलं नाही.

बाबांनी मला लिहून दिलेले हे चाळीस ठोकळे भावाची मुलगी आरोही हिला. ती सज्ञान होईपर्यंत ते बाबांकडे राहतील. भाऊ बंटी यांनी त्यांचे फोटो काढून इंटरनेटवर किंमत विचारू नये. आजवर विचारली ती पुरे.

२. एकेचाळिसावा ठोकळा साहेबांच्या चित्राचा. जळबांनी साहेबांना समोर बसवून कोरलेला, जळबांचा पहिलाच. खालचं नाव साहेबांनी शिकवल्याप्रमाणे उलटं कोरलं, म्हणून छापल्यावर सुलटं आलं. चित्र मात्र दिसलं तसंच कोरलं. त्यामुळे छापात कोरणी साहेबांच्या डाव्या हातात गेली. जळबा लवकर वारले, आणि त्यांचा मुलगा भिंतीवरचा तो छाप पाहून शिकला. तेव्हापासून चार पिढ्या आम्ही जन्माने उजवे आणि कोरायला डावे आहोत. अक्षरं उलटी कोरून पोट भरणाऱ्या घरात हे कोणाच्या लक्षात आलं नाही. मी तर साहेबांवर पुस्तिका काढली. तीत ‘डावखुरे’ हा शब्द अकरा वेळा आहे.

गेल्या महिन्यात सोनाजी शिंपी ब्लाउज द्यायला आले. भिंतीकडे बघत म्हणाले, “ह्यो साहेब बाईचा कोट काहून घालून बसला? बटनं उलट्या बाजूला हायेत.” मी हसले. मग ठोकळा काढून पाहिला. त्यावर कोट पुरुषाचा होता आणि कोरणी उजव्या हातात.

हा ठोकळा छापाशेजारीच टांगावा.

३. आत्या जनकाबाई यांना माझं भिंग, जरी दुसऱ्याच्या ताटातलं त्यांना भिंगाशिवाय दिसतं. लहानपणी मी डाव्या हाताने घास घेतला की त्या मारायच्या, उजव्या हाताने कोरणी धरली की बाबा. आई म्हणायची, “लेकराचे हात हायेत का सासर-माहेर?”

४. सर्व कोरण्या आरोहीला. ती उजव्या हाताने चित्रं काढते. सहावा वाढदिवस आला की आमच्या घरी लेकराच्या हातात कोरणी देतात. तिचा येत्या रविवारी आहे. बाबांनी एका कोरणीला छोटी मूठ बसवून ठेवली आहे. मी त्यांना चाचपून पाहिलं.

“बाबा, साहेबाचं चित्रच उलटं असलं तर?”

बाबांनी वर पाहिलं नाही. “मंग आपुन समदे उलटेच की. कोर गप.”

मी पुढची रेघ कोरली. बाबांचा डावा हात आता थरथरतो. साठ वर्षं त्यांनी तो साहेबांचा हात म्हणून चालवला. न सांगावं, तर रविवारी ते आरोहीची उजवी मूठ सोडवून डावी पुढे करतील. माझी केली होती. माझ्या उजव्या अंगठ्यावरचा व्रण डाव्या हातातून सुटलेल्या कोरणीचा आहे.

खरं ते सगळं लिहावं म्हणून हेही: चूक कळल्यावर मी उजव्या हाताने एक रेघ कोरून पाहिली. कोंबडीने उकरल्यासारखी आली. माझा टिटवीचा ठसा डाव्या हाताचा आहे आणि तो चांगला आहे. बाबांचे तर सगळेच. बाबांना आधी हे सांगायचं, मग ती चूक.

अट: कोणत्या हाताने कोरायचं हे आरोहीने ठरवावं.

या अटीत खोट आहे. मृत्युपत्र मी मेल्यावर लागू होणार, आणि गाठ साधी असल्याने मी बहुतेक मरणार नाही. म्हणजे हे कलम लिहून मी बाबांशी बोलणं टाळते आहे. तेवढं काम मी वारसांवर टाकत नाही. मी स्वतः सांगेन, ठोकळा समोर ठेवून, कोरणी आरोहीच्या हातात जाण्याआधी.

सही: संध्या रत्नपाल पाईकराव

साक्षीदार, ज्यांना यातून काही मिळत नाही:
१. सोनाजी, शिंपी. बटणांचेही साक्षीदार.
२. चंदाबाई, शेजारीण. सही करताना म्हणाल्या, “गाठ काढाया चाललीस का सरणावर? आन म्या कोन्त्या हातानं सही करू?”

ठिकाण: आखाडा बाळापूर
लिहिल्याची तारीख: सोमवार, ८ डिसेंबर २०२५
बाबांना सांगण्याची तारीख: रविवार, १४ डिसेंबर २०२५