उतईला गेलेली नायिका

कोहका, भिलाई
शुक्रवार, दुपार

आदरणीय गुलाबदादा यांस,

तुमचा मेहुणा प्रेमानंद याचा सप्रेम जय भीम. तुमचे गुडघे कसे आहेत? वहिनींचा खोकला थांबला का? इकडे मी बरा आहे (वरणाला फोडणी देताना बोट भाजले, पण ते डाव्या हाताचे). तुमची बहीण चंपा तुमच्याकडे येऊन आज बारा दिवस झाले. उतई काही लांब नाही. स्कूटर घेऊन मी दोनदा निघालोही, पण तुमच्या बसस्टँडवर चहा पिऊन परत फिरलो. फोन ती उचलते आणि माझा आवाज ऐकून ठेवून देते. म्हणून हे पत्र.

दादा, रिटायर झाल्यावर मला सिनेमाचे वेड लागले असे लोक म्हणतात. तसे नाही. स्टील प्लँटमध्ये बत्तीस वर्षे मी क्रेनच्या केबिनमध्ये बसलो. तिथून खाली पाहिले की लाल उजेडात माणसे हळूहळू चालताना दिसायची, बोलणे काही ऐकू यायचे नाही. मी मनातल्या मनात त्यातल्या एकाला सांगायचो, टिकाराम, डावीकडून ये, थांब, आता वर बघ. (एकदा त्याने खरेच वर बघितले. तो अख्खा दिवस मी तरंगत होतो.) म्हणजे दिग्दर्शक मी तेव्हापासूनचा. निर्माता रिटायर झाल्यावर झालो, आणि नायक जन्मापासून आहेच.

गोष्ट साधी आहे. एक तरुण कामगार कॅम्प-१च्या बाजारात भाजी घेणाऱ्या मुलीला पाहतो आणि पाहतच राहतो. तरुण कामगार मी. (पाठमोरा असलो तर एकसष्ट वय कळत नाही.) मुलीच्या कामासाठी शेजारची नर्स मोनाली ठरली होती, पण तिला दवाखान्यातून सुट्टी मिळेना. ती येईपर्यंत उजेड जुळवायला कोणीतरी हवे, म्हणून मी चंपाला उभे केले. हातात पालकाची जुडी, अंगावर रोजची साडी. मोनाली काही आली नाही आणि चंपा दोन उन्हाळे तशीच उभी राहिली. ऊन डोळ्यांवर आले की ती पदर आडवा धरायची, आणि सगळा बाजार कुठेतरी दूर सरकल्यासारखा वाटायचा. लग्नांचे शूटिंग करणारा रूपेश कॅमेऱ्यावर होता. तो म्हणायचा, "काका, सीन तो काकी ले गई."

ते मला झोंबले. खरे सांगतो, मी जळलो. सिनेमा जोडायला बसलो तेव्हा ती दिसेल तिथे कात्री लावली आणि पाहणारा मी तेवढा ठेवला, पूर्ण दीड तास. विहाराच्या हॉलमध्ये पहिला खेळ लावला. चंपाने मोहल्ल्यातल्या सगळ्या बायांना बोलावले होते, स्वतः नवी साडी नेसून पुढच्या खुर्चीवर बसली होती. पडद्यावर मी पाहतो आहे, पाहतो आहे, काय पाहतो आहे ते कोणालाच कळेना. बाया एकेक करून उठून गेल्या. ती शेवटपर्यंत बसली. घरी येऊन एवढेच म्हणाली, "दोन उन्हाळे मले उभं करून ठेवलं, अन् मी कुठी दिसलीच नाई. घरात तरी कधी दिसली का जी तुमाले?"

सकाळी ती उतईला निघाली. तेव्हापासून रोज दुपारी पडदे ओढून काढून टाकलेली दृश्ये बघत बसतो. ती मेथीचा वास घेते, कोणाला तरी हसते, मग वाऱ्याकडे तोंड करून उगीच उभी राहते. छत्तीस वर्षांच्या संसारात मी हे पाहिलेच नव्हते. मला लाज वाटते दादा, आणि तिची फार आठवण येते.

वहिनींना जय भीम, पोरांना आशीर्वाद.

तुमचा,
प्रेमानंद
(अभिनेता, निर्माता, दिग्दर्शक. यातला पहिला रद्द समजावा.)

ता. क. सिनेमा पुन्हा जोडला. आता त्यात मी नाही, सगळीकडे तीच आहे. हे तिला सांगू नका, फक्त पत्र तिच्या हाती लागेल असे ठेवा.

आणखी एक. शेवटचा सीन राहिला आहे. नायिका उतईहून घरी येते, दार उघडेच असते. काय बोलायचे ते तिने ठरवावे, कितीही लांबले तरी चालेल. रूपेशला मी बोलावलेले नाही.