एकमताने केलेलं बाक

ती. ताई,

तुला नमस्कार, आणि भाऊजींना त्याहून थोडं वाकून. तुझा गुडघा आता जिना चढू देतो का? मी बरा आहे. निदान झोप लागते.

आमच्या शाळेत यंदापासून शिक्षकाने शिकवायचं नाही, असं ठरलंय. मुलांनी आपापसांत बोलावं, चुकावं, स्वतःच शोधावं; आपण कोपऱ्यात बसून हसतमुख राहावं (हे आमच्या मुख्याध्यापिका, म्हणजे मोठ्या बाई, फार गंभीर चेहऱ्याने सांगतात). माझ्या सहावीने मिळून वर्गासाठी बाक करायचं ठरवलं. चार गट, चार पाय. कोणी कोणावर माप लादायचं नाही, हेही एकमताने. बाक उभं राहिलं ते एक पाय वर धरूनच. मग सर्वांत उंच पायाच्या गटाने समजूतदारपणे आपला पाय थोडा कापला. त्यामुळे शेजारचा उंच ठरला. त्या गटानेही मन मोठं केलं. अशी रोज समजूत वाढत गेली आणि बाक उतरत गेलं. मी हसतमुख होतो.

मंगळवारी पालक आले. "निकाल पाहू नका, प्रवास पाहा," म्हणत मोठ्या बाई बाकावर बसल्या. बसल्या म्हणजे बसतच गेल्या. गुडघे हनुवटीला टेकले. दोन पालकांनी हात देऊन उठवल्यावर म्हणाल्या, "मुलं छान व्यक्त झालीत." आणि गेल्या.

वर्गात जिला सगळे वकीलबाई म्हणतात, ती मुलगी माझ्यापुढे येऊन उभी राहिली. डोळे भरलेले, आवाज मात्र पक्का.

"सर, पाय चुकतायत हे तुम्हाला दिसत होतं?"

"दिसत होतं."

"मग बोलला का नाहीत?"

"तुम्ही स्वतः शोधावं म्हणून."

"शोधलं. नाही सापडलं. आता सांगा ना."

ताई, इतक्या वर्षांच्या नोकरीत 'आम्हाला शिकवा' असं मुलांनी आपणहून म्हटल्याचं मी प्रथमच ऐकलं. पुढच्या सोमवारी सांगतो, म्हणालो. सगळ्यांनी माना डोलावल्या. फार विश्वासाने.

भाच्यांना आशीर्वाद.

तुझा धाकटा

ता. क. सुतारशाळेत तू हेच शिकवतेस म्हणून विचारतो, चार पाय सारखे कापतात कसे? मुलांना वाटतंय, मी तत्त्वासाठी गप्प होतो.

आणखी एक ता. क. उत्तर उलट टपाली पाठव, आणि सरळ सांग. मला शोधायला लावू नकोस.