सोमवारची सही

रत्नागिरी,
१४ फेब्रुवारी २०२५

प्रिय करुणा,

तू संगमेश्वरला आईकडे आहेस असं कळलं, म्हणून पत्र तिकडे धाडतेय. काकूंचे गुडघे कसे आहेत? विनोद आता बरा आहे. बायपासनंतर रोज भाट्याच्या पुलापर्यंत चालून येतो. परसातल्या कलमाला यंदा मोहोर चांगला आहे.

आमचं घर वाचलं, हे तुला ठाऊक असेलच. बर्फाच्या कारखान्याचं कर्ज थकलं ते थकलंच. पण नोटीस रीतसर बजावली नाही म्हणून कोर्टाने घराचा ताबा रोखला. बँकेने सगळं पुन्हा पहिल्यापासून करायचं. विनोदने आळीत पेढे वाटले.

मंगळवारी बँकेत गेले, तर तुझ्या खुर्चीवर दुसरीच मुलगी. म्हणाली, "करुणामॅडम सस्पेंड आहेत. नोटीस न देताच दिली असा रिपोर्ट लिहिला त्यांनी."

मी पासबुक भरून घेतलं आणि बाहेर पडले.

घरी विनोदला सांगितलं. "त्यांना काय, कोट्यातली नोकरी. परत घेतील," म्हणाला. पहिलीपासून आपण दोघी एका बाकावर बसलो, तरी मी त्याला फक्त भात वाढला.

टपालाने आलेली नोटीस 'घर बंद' म्हणून परत गेली होती. आम्ही कोल्हापूरला इस्पितळात होतो. म्हणून तू स्वतः घेऊन आलीस. विनोद आत झोपला होता. मी म्हटलं, "सही आत्ता नको गो, तो उठला तर विचारेल." तू म्हणालीस, "बरं, नोटीस ठेव. साठ दिवस आहेत, वकील गाठ. सही सोमवारी घेईन." मागच्या बाजूला वकिलांचा नंबरही लिहून दिलास.

सोमवारी मी विनोदला हवापालट म्हणून दापोलीला नणंदेकडे नेलं. पंधरा दिवस राहिलो. तू तीनदा येऊन गेलीस, असं शेजारी म्हणाले. शेवटी माझ्या भरवशावर तू 'नोटीस दिली' असं लिहिलंस. जे लिहिलंस ते खरंच होतं.

त्याच वकिलांनी आम्हाला विचारलं, "नोटीस हातात पडली होती?" विनोद नाही म्हणाला. त्याला खरोखर माहीत नव्हतं. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मीही नाही म्हटलं. तुला न दिलेली सही प्रतिज्ञापत्रावर मात्र लगेच केली.

ती नोटीस सोबत जोडली आहे. तुझं अक्षर आहे, तारीखही आहे. चौकशीत दाखव. मग घर राहील की जाईल, हे मी वकिलांना विचारलेलं नाही. विनोदला यातलं काही सांगितलेलं नाही. तो ओटीला रंग लावतोय.

साक्षीला बोलावलं तर येईन, असं आधी लिहिलं होतं. मग खोडलं. माझा मलाच भरवसा नाही, म्हणून कागदच पाठवते.

उत्तर लिहू नकोस. आमच्याकडे टपाल विनोद उघडतो.

'तुझी' असं लिहायला हात धजत नाही.

उमा